माता-पालक सभेतील खोडलेली सही

संपादकांनी पत्रात विषय सुचवला होता : 'मुख्याध्यापकाला भेटलेले गमतीदार पालक'. असे पालक मला पुष्कळ भेटले. एक गृहस्थ दुसरीतल्या मुलाची जन्मतारीख दीड वर्षाने पुढे ढकलून घ्यायला आले होते, कारण तो पुढे पोलीस भरतीला उभा राहणार होता. एक आजोबा पहिलीतला नातू वर्गात बसेना म्हणून आठवडाभर त्याच्या शेजारी चटईवर बसले. नातू रमला, पण आजोबांना उठवताना मला अर्ज-विनंत्या कराव्या लागल्या. अशा गोष्टी सांगून पाने भरता आली असती. परंतु लिहायला बसलो की हल्ली मन एकाच कुटुंबाकडे जाते आणि तिथून लवकर हलत नाही. त्या कुटुंबात गंमत होती, नाही असे नाही. तिच्यावर हसायला मात्र मी फार उशिरा शिकलो.

पुढे येणारी नावे बदललेली आहेत. लेख छापायला देण्यापूर्वी त्या घरातल्या अलकाबाईंना वाचून दाखवला. त्यांनी एकच सूचना केली. "सर, तुमी सोताला लई वाईट लिवलंय. थोडं कमी करा." ती सूचना मी स्वीकारलेली नाही.

आमची शाळा बदनापूरला, रेल्वे स्टेशनच्या अलीकडे. तेव्हा पहिली ते सातवीचे वर्ग होते. मुख्याध्यापक म्हणजे प्रार्थनेच्या वेळी मंचावर उभा राहणारा माणूस, असा बाहेरच्यांचा समज असतो. प्रत्यक्षात तो वह्यांचा राखणदार असतो. प्रवेशाचे रजिस्टर, हजेरी, दाखल्यांची स्थळप्रत, सभांची इतिवृत्ते, आवक-जावक. यांतले प्रवेशाचे रजिस्टर कायम जपायचे असते. मुलगा म्हातारा होऊन आला तरी त्याची जन्मतारीख त्यात सापडली पाहिजे. म्हणून या वह्यांचे काही नियम मी नव्या शिक्षकांना पहिल्याच दिवशी सांगत असे. चुकीचे लिहिले गेले तर खरवडायचे नाही. पांढरा रंग फासायचा नाही. वर गिरवायचे नाही. चुकीच्या अक्षरांवरून फक्त एक आडवी रेघ ओढायची, तीही अशी की खालचे अक्षर वाचता यावे. मग शेजारी आपली लघुस्वाक्षरी करायची आणि तारीख घालायची. कोणी, कधी, काय खोडले हे पुढच्या माणसाला कळले पाहिजे. चूक लपवण्याचा अधिकार कोणालाच नाही, हे मी फार अभिमानाने सांगत असे.

जून महिन्यात, प्रवेशाच्या गर्दीत, दोन बाया एका मुलीला पहिलीत घालायला कार्यालयात आल्या. एक रेखा, मुलीची जन्मदात्री. तिचा नवरा मुलगी आठ महिन्यांची असताना अपघातात गेला होता. दुसरी अलका. दोघी जालना एमआयडीसीत एकाच बियाण्यांच्या कारखान्यात कामाला होत्या. रेखा बियाणे निवडायची, अलका पाकिटे भरण्याचे यंत्र चालवायची. अलकाच्या मोटारसायकलवर पुढे मुलगी, मागे रेखा, अशा त्या आल्या होत्या. मुलीचे नाव वैष्णवी. ती टेबलावरचा पृथ्वीचा गोल फिरवत उभी राहिली.

मी विचारले, "पालकाचे नाव?"

रेखा म्हणाली, "आई म्हून माझं लिवा. पालक म्हून अलकाचं लिवा."

"या तुमच्या कोण?"

रेखाने अलकाकडे पाहिले. अलका म्हणाली, "सांग की. सरांपासून काय लपवायचं?"

"आमी दोघी मिळून राहतो सर. पाच वर्सं झाली. पोरगी दोघींची हाय."

"म्हणजे मैत्रीण."

"मैत्रीण शेजारची बी असती सर," रेखा शांतपणे म्हणाली. "ही तसली न्हाई. नवरा-बायको राहतेत ना, तसं राहून राह्यलो आमी."

कार्यालयात माझा लिपिक होता, शिपाई होता, रांगेत आणखी दोन पालक होते. मला घाम फुटला. मी तीस वर्षे मुलांना शिकवत होतो. दोन पुरुषांची, दोन स्त्रियांची अशी जोडपी असतात हे मला वाचून ठाऊक होते. ती पुण्या-मुंबईला असतात, अशी माझी समजूत होती. बदनापूरच्या टेबलासमोर ती टाचांना भेगा पडलेल्या पायांनी उभी राहतील, हे माझ्या वाचनात आले नव्हते.

मी नियमाचा आधार घेतला. "आईच्या रकान्यात एकच नाव बसते."

"मंग मला बापाच्या रकान्यात बसवा," अलका म्हणाली. "तो खालीच हाय की."

लिपिक खो खो हसला. रांगेतले पालकही हसले. रेखाने अलकाच्या दंडाला चिमटा काढला. मी हसलो नाही. मी वडिलांच्या रकान्यात मृत वडिलांचे नाव लिहिले आणि विचारले, "नातेवाइकांत पुरुष माणूस कोण आहे? भाऊ?"

"हाय एक. संतोष. वडीगोद्रीला असतो. पर तो बोलत न्हाई माझ्याशी. हिच्याबरोबर राह्यला लागले तवापासून."

"बोलतो की नाही, असा रकाना यात नाही," मी म्हणालो. आज हे वाक्य लिहिताना मला लाज वाटते, तेव्हा मला ते चतुर वाटले होते. पालकाच्या रकान्यात मी लिहिले : संतोष, नाते मामा, राहणार वडीगोद्री. असे लिहा म्हणून कोणत्याही परिपत्रकात सांगितलेले नव्हते. रेखाचे एकटीचे नाव पुरले असते. एखादा पुरुष असला म्हणजे नोंद भक्कम होते, ही माझी स्वतःची भर. माझ्या हातून घडलेली पहिली चूक ती.

दुसरी चूक एकदा केली नाही, बावीस वेळा केली.

प्राथमिक शाळेत माता-पालक संघ असतो. मुलांच्या आया सभेला येतात, पोषण आहारावर, गणवेशावर, अभ्यासावर बोलतात आणि जाताना हजेरीवर सही करतात. हजेरीत एका विद्यार्थ्यापुढे एक ओळ असते. पहिल्याच सभेनंतर मी वही तपासली, तर वैष्णवीच्या ओळीत दोन सह्या. वरती रेखाची, वळणदार. खाली अलकाची, खिळे ठोकल्यासारखी. एका ओळीत एक माता, हे मला इतके उघड होते की मी विचारही केला नाही. लाल शाईने अलकाच्या सहीवरून एक रेघ ओढली, शेजारी लघुस्वाक्षरी केली, तारीख घातली.

पुढच्या सभेला पुन्हा दोन सह्या. पुन्हा रेघ. तिसऱ्या सभेनंतर मी अलकाबाईंना थांबवून समजावून सांगितले. विस्तार अधिकारी तपासणीला येतात, उपस्थितीची बेरीज जुळली पाहिजे, वगैरे. त्यांनी सगळे ऐकून घेतले.

"बराबर हाय तुमचं," त्या म्हणाल्या. "तुमचं काम तुमी करा सर. माझं मी करते."

असे ते चार वर्षे चालले. दोघी एकाच पाळीत असल्या की दोघी येत. पाळ्या वेगळ्या असल्या की एकट्या अलकाबाई येत, तेव्हाही मी त्यांची सही खोडत असे आणि रेखाला गैरहजर दाखवत असे. त्या कधी भांडल्या नाहीत. मीही कधी आवाज चढवला नाही. दोघेही आपापल्या जागी थकत होतो, एवढेच.

आता लोक मला हमखास जो प्रश्न विचारतात, त्याचे उत्तर देतो. अशा घरातल्या मुलाचे काय होते? मी समाजशास्त्राचा माणूस नाही. मी नखे, डबा आणि गृहपाठ तपासणारा माणूस आहे, तेवढ्यावरून सांगतो. वैष्णवीची नखे कापलेली असत. तिचा डबा कधी रिकामा आला नाही. पाढे अलकाबाई घोकून घेत, शुद्धलेखन रेखा बघे. ती रेखाला 'मम्मी' म्हणे आणि अलकाबाईंना 'माय'. ती वर्गात पहिली नव्हती, मागेही नव्हती. बडबडी होती आणि तिला सात उणे नऊ का होत नाही याचा राग येई. त्रास झाला तो बाहेरून. तिसरीत असताना मधल्या सुट्टीत एका मुलीने तिला डिवचले. व्हरांड्यातून ते माझ्या कानांवर पडले.

"तुह्या घरी बाप न्हाई. दोन बायाच हायेत. माझी आजी म्हन्ती."

वैष्णवी घास चावत म्हणाली, "माझी एक मम्मी डबा करती, एक माय वेणी घालती. तुह्या पप्पाला येती का वेणी?"

ती मुलगी म्हणाली, "माझ्या पप्पाला ट्रॅक्टर येतो."

"माझ्या मायला फटफटी येती. ट्रॅक्टर बी शिकल."

मग दोघींनी मिळून पेरू खाल्ला. मुलांचे भांडण एवढेच असते. आजीचे भांडण अधिक टिकते. पुढच्या महिन्यात त्या मुलीच्या घरून, तिला वैष्णवीपासून दूर दुसऱ्या बाकावर बसवा, असा निरोप आला आणि मी तिला बसवले. माझ्या हिशेबी तो निरोप किरकोळ होता.

वैष्णवी पाचवीत गेली त्या जूनमध्ये रेखाला कावीळ झाली. आधी साधी वाटली, मग जालन्याच्या एका दवाखान्यात न्यावे लागले. तिथे डॉक्टरांनी रक्ताच्या नात्यातल्या माणसाची सही मागितली. अलकाबाई रोज तिच्या उशाशी होत्या, पण त्यांची सही तिथेही चालली नाही. शेवटी त्यांनीच रेखाच्या भावाला फोन केला. संतोष आला, नऊ वर्षांनी बहिणीला भेटला आणि कागदांवर सह्या केल्या. तिसऱ्या आठवड्यात रेखा गेली. अंत्यविधी वडीगोद्रीला झाला. अलकाबाई बायकांच्या घोळक्यात मागे उभ्या होत्या, असे मला नंतर कळले. 'कारखान्यातली बाई' अशी त्यांची तिथे ओळख करून दिली गेली होती.

पंधराव्या दिवशी संतोष शाळेत आला. पस्तिशी-चाळिशीचा, उंच, महामार्गावर ठिबकच्या सामानाचे दुकान चालवणारा माणूस. बोलणे आदबीचे.

"नमस्कार सर. भाचीचा दाखला पाहिजे. वडीगोद्रीच्या शाळेत घालतो."

"मुलगी सध्या कुठे आहे?"

"त्या बाईकडंच हाय. दाखला भेटला की घिऊन जातो. जल्दी झालं तर बरं."

"तुम्ही मुलीला विचारले का?"

"लेकराला काय विचारायचं सर? मामा हाय मी. अन तुमच्याच वहीत पालक म्हून माझं नाव हाय म्हन्तेत. बघा."

मी रजिस्टर उघडले. माझ्याच हस्ताक्षरात, माझ्याच शाईने, ते नाव होते. नियम सरळ आहे. नोंदीतल्या पालकाने अर्ज केला की शाळा सोडल्याचा दाखला द्यावा लागतो. मी त्याच्याकडे पाहिले. तो वाईट माणूस नव्हता. बहीण गेल्याचे त्याच्या चेहऱ्यावर दिसत होते. नऊ वर्षे न बोलल्याचेही दिसत होते, आणि त्याला ते आता कुठेतरी भरून काढायचे होते.

"दाखल्यांच्या स्थळप्रतींची वही तपासणीसाठी वर गेली आहे," मी म्हणालो. "आठ दिवसांनी या."

वही माझ्या मागच्या कपाटात होती. नोकरीत कार्यालयीन बाबतीत मी बोललेले पहिले खोटे ते. लिपिकाने मान वर करून माझ्याकडे पाहिले आणि पुन्हा खाली घातली.

त्याच दुपारी मी अलकाबाईंना बोलावून घेतले. त्या कारखान्यातून थेट आल्या. केसांना बियाण्यांचे गुलाबी औषध लागलेले होते. त्यांनी वकील गाठल्याचे सांगितले. न्यायालयात पालकत्वासाठी अर्ज करता येतो. रक्ताचे नाते नसले तरी करता येतो. मुलीचे हित कशात आहे ते न्यायालय बघते. पण मुलीला आजवर कोणी सांभाळले, याचा पुरावा हवा.

"काय पुरावा हाय माझ्यापाशी?" त्या म्हणाल्या. "फोटो हायेत. वकीलबाई म्हन्ली, फोटो मैत्रिणीसोबत बी काढतेत. रेशनकार्ड रेखाचं, घर भाड्याचं, दवाखान्यात संतोषची सही, शाळेत बी संतोष. सर, नऊ वर्सं मी त्या पोरीला झोपवून राह्यले, उठवून राह्यले. कुठंच लिवलेलं न्हाई का हो?"

मी 'नाही' म्हणायला तोंड उघडले आणि थांबलो. कपाटातून माता-पालक संघाची वही काढली. पाने उलटत गेलो. प्रत्येक सभेत वैष्णवीच्या ओळीत ती खिळे ठोकल्यासारखी सही होती आणि तिच्यावरून एक लाल रेघ. सही स्वच्छ वाचता येत होती, कारण मी नियमाप्रमाणे रेघ ओढली होती. प्रत्येक रेघेशेजारी माझी लघुस्वाक्षरी आणि तारीख होती. ही बाई अमुक दिवशी या मुलीची आई म्हणून शाळेत आली होती, हे शाळेच्या मुख्याध्यापकाने बावीस वेळा स्वतःच्या सहीनिशी लिहून ठेवले होते. खोडण्याच्या निमित्ताने.

अलकाबाईंनी पाने बघितली.

"म्हंजे तुमी खोडलं ते बरंच झालं म्हनायचं?"

"नाही," मी म्हणालो. "ते चुकीचेच होते."

त्यांनी मान हलवली. मला धीर द्यावा असे त्यांना वाटले नाही, आणि तेही योग्यच होते.

अर्ज दाखल झाला. दाखला तूर्त देऊ नये असे न्यायालयाने कळवले, त्यामुळे माझे खोटे पुढे वाढवावे लागले नाही. श्रावणात मला वही घेऊन जालन्याला साक्षीला बोलावले. संतोषचे वकील तरुण आणि हुशार होते. माझी वही त्यांनी माझ्यावरच उलटवली.

"या सह्या कोणी खोडल्या?"

"मी."

"का?"

"एका विद्यार्थ्याला एक माता, असा माझा समज होता."

"म्हणजे चार वर्षे तुम्ही स्वतःच या बाईंना मुलीची आई मानले नाही."

"नाही मानले."

"मग आज कशासाठी आलात?"

मी शिक्षक आहे. प्रश्न नीट असेल तर उत्तर नीट द्यावे, असे मुलांना सांगत आलो आहे. मी म्हणालो, "आई मानले नाही, हे खरे. पण त्या आल्या नसत्या तर मला खोडावेही लागले नसते. नोंदीत पालक म्हणून ज्यांचे नाव मी लिहिले, त्यांची सही मला एकदाही खोडावी लागली नाही, कारण ती एकदाही झाली नाही."

बोलून झाल्यावर मी संतोषकडे पाहिले आणि मला वाईट वाटले. तो खाली बघत होता. ज्या रकान्यात मी त्याला त्याच्या नकळत बसवले होते, त्यातच मी त्याला आता दोषी ठरवत होतो. त्या नोंदीची माहितीसुद्धा त्याला बहिणीच्या शेवटच्या आठवड्यात, तिच्याच तोंडून मिळाली होती, असे त्याने आपल्या साक्षीत सांगितले. आपल्यानंतर पोरीला अलकापासून तोडू नकोस, असे ती म्हणाली होती का, या प्रश्नाला तो "आठवत न्हाई" म्हणाला.

न्यायाधीश वैष्णवीशी बंद दाराआड बोलले. ती काय बोलली हे आम्हाला कळले नाही. तात्पुरता आदेश आला. अंतिम निकाल होईपर्यंत मुलगी अलकाबाईंकडेच राहील, शाळा हीच राहील. दिवाळीच्या आणि उन्हाळ्याच्या सुट्टीत आठ-आठ दिवस तिला मामाकडे पाठवावे, नवव्या दिवशी परत आणावे.

दिवाळीच्या सुट्टीत अलकाबाईंनी तिला वडीगोद्रीला सोडले. त्या दारातूनच परतल्या. आठवा दिवस सरला तशी त्यांना धास्ती बसली. कारखान्यातल्या बायका सांगू लागल्या होत्या, "आता न्हाई देत ते लोक. पोरगी यायला नगं म्हन्ती, असं सांगतील." त्या माझ्या घरी आल्या.

"सर, तुमी चला संगं. मी एकटी गेले तर दारातूनच वापस करतील."

मला वर्षभरात निवृत्त व्हायचे होते. गुडघे दुखत होते. खरे सांगायचे तर या प्रकरणाचा मला शीण आला होता. पण नाही म्हणण्याचा हक्क मी गमावलेला होता. आम्ही नवव्या दिवशी सकाळच्या गाडीने जालना, तिथून अंबडवरून वडीगोद्रीला उतरलो. वाटेत त्या एकदाच म्हणाल्या, "ती न्हाई म्हनली तर मी जोर करनार न्हाई सर. लेकराला मामाचं घर आवडू शकतं. मोठं हाय. भावंडं हायेत."

दुकान उघडे होते. संतोष काळ्या नळीची गुंडाळी मोजून कापत होता. आम्हाला पाहून त्याने कात्री बाजूला ठेवली.

"या सर. बसा." मग किंचित थांबून, अलकाबाईंकडे न बघता, "तुमी बी बसा."

अलकाबाई उभ्याच राहिल्या. "वैष्णवी कुठं हाय?"

"घरी हाय. मागंच घर हाय." त्याने दुकानातल्या माणसाला चहा सांगायला पाठवले आणि खुर्चीवर टेकला. तो थकलेला दिसत होता. आम्ही तिघेही थकलेलेच होतो.

"सर, तुमच्यापाशी खोटं कामून बोलू," तो म्हणाला. "मी तिला ठिवून घेनार होतो. वकील म्हन्ला, पोरगी येत न्हाई म्हन्ती असं सांगा, पुढचं बघू. माझी बायको बी म्हन्ली, पोरीची जात हाय, राहू द्या घरात, मला बी लेक भेटल. दोन पोरंच हायेत आमाला."

अलकाबाईंनी दुकानाच्या खांबाला हात टेकवला.

"पयल्या दिवशी सकाळी उठलो तर वैष्णवी ओट्यावर बसलेली. आंघोळ करून, बॅग भरून. बायको म्हन्ली, अगं आज न्हाई, लई दिवस हायेत अजून. तर म्हन्ली, बरं. आत गेली, बॅग खाली केली, दिवसभर पोरांसंगं खेळली. हसली, जेवली, किल्ला केला. दुसऱ्या दिवशी उठलो तर पुन्यांदा ओट्यावर. बॅग भरून. रोज. रडत न्हाई, हट्ट न्हाई. नुसती बॅग भरती अन आज न्हाई म्हनलं की खाली करती. काल बायको म्हन्ली, मला हे रोज सकाळी बघवत न्हाई. तिला धाडून द्या." त्याने डोळ्यांवरून हात फिरवला. "रेखी बी अशीच होती. तोंडानं काही म्हनायची न्हाई."

चहा आला. कोणी घेतला नाही.

"चला घरी," तो उठत म्हणाला. "ओट्यावरच असंल. आज तर दिवसच हाय तिचा."

दुकानामागच्या बोळातून आम्ही गेलो. ती खरोखरच ओट्यावर होती. निळी बॅग मांडीवर, दोन्ही हात बॅगेवर. अलकाबाईंना पाहून ती धावली नाही. हळूच उठली, पायरी उतरली आणि म्हणाली, "माय, मामीनं लाडू देल्यात. बॅगेत बसनात, म्हून हातात घ्यावं लागल."

आतून मामी डबा घेऊन बाहेर आली. तिने तो अलकाबाईंच्या हातात दिला. "उन्हाळ्यात पाठवा तिला," ती म्हणाली. "अन दारातून जाऊ नका त्या टायमाला. जेवून जा."

प्रकरणाचा अंतिम निकाल अजून लागलेला नाही. तारखा पडतात, अलकाबाई रजा टाकून जातात. मी निवृत्त झालो. वैष्णवी आता सातवीत आहे. तिच्या प्रत्येक अर्जावर रेखा गेल्यापासून मामाची सही लागते, कारण रजिस्टरातली ती नोंद न्यायालयाच्या आदेशाशिवाय बदलत नाही आणि मला ती बदलण्याचा अधिकार उरलेला नाही. अर्ज निघाला की अलकाबाई वडीगोद्रीला जातात. संतोष दुकानातच सही करतो. मागच्या खेपेला त्याने तिथे जास्तीच्या दहा कोऱ्या अर्जांवर सह्या करून ठेवल्या. "दर बारीला एवढं लांब कामून येता?" म्हणाला. कोऱ्या कागदावर सही करणे हे सर्वथा नियमबाह्य आहे. मी अलकाबाईंना तसे बजावले, आणि ते कागद ओल लागणार नाही अशा जागी ठेवायला सांगितले.